नाताळगीते, मराठी

येशू ख्रिस्ताच्या जन्मोत्सवानिमित्त मराठी भाषेत रचलेली व गायिली जाणारी गीते. ‘नाताळ’ हा शब्द जन्मदिवस या अर्थाच्या पोर्तुगीज शब्दावरून मराठीत आला. पाळणे, अभंग, पदे, भजने, कीर्तनातील आख्याने आणि पाश्चात्त्य नाताळगीतांची मराठी रूपांतरे या सर्वांचा या गीतप्रकारात अंतर्भाव होतो. गोवा, वसई, मुंबई व पुणे येथे ही गीते निरनिराळ्या काळी निर्माण झाली. तथापि प्रॉटेस्टंट पंथीयांच्या मराठी गीतांचे प्रमुख केंद्र अहमदनगर (२०२४ पासून अहिल्यानगर) हे शहर व त्याच्या भोवतालचा जिल्हा होय. पॅलेस्टाइनमध्ये घडलेली व युरोप-अमेरिकेतील धर्मप्रसारकांनी आणलेली जन्मकथा मराठी माणसाने कोणत्या छंदात व कोणत्या चालीवर गावी, हा प्रश्न या गीतांच्या इतिहासात आरंभापासून दिसतो. त्याचे जे उत्तर नगर जिल्ह्यातील कवी-कीर्तनकारांनी दिले, त्यामुळे ही गीते केवळ उपासनेचे साधन न राहता मराठी भक्तिकाव्याची एक शाखा बनली.

विषय व आधार : नाताळगीतांचा कथाभाग मुख्यतः मत्तय व लूक यांच्या शुभवर्तमानांतून घेतलेला असतो. पूर्वेकडून ताऱ्याच्या मागोमाग आलेले ज्ञानी पुरुष, त्यांनी अर्पण केलेले सोने, ऊद व गंधरस आणि हेरोद राजाचा कोप हा भाग मत्तयाचा. तर बेथलेहेमचा प्रवास, उतारशाळेत जागा न मिळाल्याने बाळाला गव्हाणीत निजविणे, रानात रात्री कळप राखणारे मेंढपाळ व देवदूतांचे गायन हा भाग लूकचा. लूकच्या शुभवर्तमानातच मरिया, जखऱ्या, देवदूत व वृद्ध शिमोन यांच्या मुखी चार स्तोत्रे घातलेली आहेत. त्यामुळे जन्मकथा आणि गायन यांचा संबंध मूळ ग्रंथापासूनचा आहे. कथेतील काही प्रतिमा मराठी श्रोत्यास समजावून सांगाव्या लागत नाहीत. गव्हाण ही शेतकऱ्याच्या गोठ्यातील नित्याची वस्तू. आणि उघड्या माळावर मेंढरांपाशी रात्र काढणारा मेंढपाळ नगर जिल्ह्याच्या अवर्षणप्रवण भागात नेहमी दिसतो. याउलट युरोपीय नाताळगीतांतून आलेली बर्फ, घंटा व हिरवे सूचिपर्णी वृक्ष ही चित्रे मूळ कथेत नाहीत व येथील हवामानातही नाहीत.

पाश्चात्त्य परंपरा : यूरोपात लॅटिन स्तोत्रांच्या जोडीला लोकभाषांतील नाताळगीते मध्ययुगाच्या उत्तरार्धात पुढे आली. इंग्रजीत त्यांना ‘कॅरल’ म्हणतात. हा शब्द मुळात फेर धरून गावयाच्या नृत्यगीताचा वाचक होता. संत फ्रान्सिस यांनी १२२३ मध्ये इटलीतील ग्रेच्चो येथे गव्हाणीचा देखावा उभारून जन्मोत्सव केला. या प्रसंगाने लौकिक भाषेतील जन्मगीतांना चालना दिली, असे मानतात. धर्मसुधारणेच्या काळात मार्टिन ल्यूथर यांनी जर्मन भाषेत मुलांसाठी नाताळगीत रचले. इंग्रजीत आयझाक वॉट्स (१७१९) व चार्ल्स वेस्ली (१७३९) यांची प्रसिद्ध गीते अठराव्या शतकातील होत. ऑस्ट्रियातील ओबर्नडॉर्फ या गावी योझेफ मोर यांच्या शब्दांना फ्रान्झ ग्रूबर यांनी चाल दिलेले शांत रात्रीचे गीत १८१८ मध्ये प्रथम गायिले गेले व पुढे जगातील असंख्य भाषांत गेले. मराठी ख्रिस्ती समाजाला मिशनऱ्यांकडून मिळालेला वारसा तो हाच.

गोव्यातील पूर्वपरंपरा : मराठीत ख्रिस्तजन्माचे विस्तृत काव्यमय वर्णन प्रथम फादर टॉमस स्टीफन्स (सु. १५४९–१६१९) यांच्या क्रिस्तपुराणात आढळते. हा सुमारे अकरा हजार ओव्यांचा ग्रंथ १६१६ मध्ये गोव्यातील राचोल येथे रोमन लिपीत छापला गेला. त्याचे दोन भाग असून दुसऱ्या पुराणात ख्रिस्तचरित्र आले आहे. नवख्रिस्ती लोकांना पूर्वीच्या पुराणांच्या जागी गाण्या-ऐकण्यास काही हवे, ही या ग्रंथामागची प्रेरणा होती आणि तो गोव्यातील चर्चमध्ये वाचला व गायिला जात असे. परक्या कथेला ओवीचे रूप देण्याचा हा पहिला मोठा प्रयोग होय. मात्र पुढे पोर्तुगीज सत्तेने देशी भाषांविरुद्ध अवलंबिलेल्या धोरणामुळे ही परंपरा क्षीण झाली. जे. एल. साल्ढाणा यांनी १९०७ मध्ये मंगळूर येथून क्रिस्तपुराणाची नवी रोमन आवृत्ती काढली. देवनागरी आवृत्ती तर १९५६ मध्ये निघाली. त्यामुळे एकोणिसाव्या शतकातील नगरच्या गीतकारांपुढे हा आदर्श नव्हता. तीच समस्या त्यांना नव्याने सोडवावी लागली.

अहमदनगर : पार्श्वभूमी. अमेरिकन बोर्डाचे धर्मप्रसारक १८१३ मध्ये मुंबईस आले. त्यांच्या अमेरिकन मराठी मिशनने १८३१ च्या अखेरीस अहमदनगर येथे केंद्र उघडले आणि १८३३ मध्ये तेथे मंडळी स्थापन केली. ज्ञानोदय हे नियतकालिक १८४२ मध्ये अहमदनगर येथूनच सुरू झाले. पुढे १८७० नंतर अँग्लिकन पंथाचे व त्यामागोमाग रोमन कॅथलिक पंथाचे कार्यही या जिल्ह्यात वाढले. आरंभीच्या धर्मांतरितांत काही ब्राह्मण कुटुंबे असली, तरी विशेषतः १८७६–७८ च्या दुष्काळानंतर खेड्यापाड्यांतून आलेला ख्रिस्ती समाज बहुतांशी महार व मांग जातींतील होता.

हा जिल्हा मराठी भक्तिवाङ्मयाचीही भूमी आहे. ज्ञानेश्वरी नेवासे येथे सांगितली गेली; संतचरित्रकार महीपती (१७१५–९०) हे राहुरीनजीकच्या ताहराबादचे. अभंग, ओवी, भारूड व कीर्तन हे येथील निरक्षर माणसाचेही धन होते. धर्मांतरित समाजातील पुष्कळांचा गायन-वादनाशी पिढीजात संबंध होता. मांग समाजाकडे हलगी, सनई आदी वाद्यांचे वादन परंपरेने असे. परंतु ज्या देवाचे अभंग ते गात, त्याच्या देवळात त्यांना प्रवेश नव्हता. चोखामेळ्याची समाधी पंढरपूरच्या महाद्वाराबाहेर आहे, आणि ते मंदिर अस्पृश्यांना १९४७ पर्यंत खुले नव्हते. त्यामुळे हा समाज चर्चमध्ये आला, तेव्हा तो गीतांवाचून आला नव्हता. त्याच्याजवळचे गीत नव्या उपासनेत चालेल की नाही, एवढाच प्रश्न होता.

भाषांतरित गीते व चालीचा प्रश्न : प्रारंभी हे गीत चालले नाही. अभंग व पदे यांच्या चाली मूर्तिपूजेशी व लौकिक करमणुकीशी निगडित असल्याने त्या उपासनेत घेऊ नयेत, असे अनेक मिशनऱ्यांस वाटे. म्हणून इंग्रजी स्तोत्रांची मराठी रूपांतरे त्यांच्या मूळ चालींवर गाण्याची प्रथा पडली. अहमदनगर येथे १८३५ पासून कार्य केलेले हेन्री बॅलंटाइन (१८१३–६५) यांनी या कामी मोठा पुढाकार घेतला व मराठी ख्रिस्ती गीतसंग्रहाचा आरंभीचा पाया घातला.

या रूपांतरांतील अडचण भाषिक होती. इंग्रजी स्तोत्रांचे छंद बलाघातावर आधारलेले असतात. त्यांच्या सर्वसामान्य वृत्तात आठ, सहा, आठ व सहा अवयवांच्या चार ओळी असून पहिला अवयव दुर्बळ व दुसरा सबळ असा क्रम चालतो. मराठी पद्य अक्षरसंख्येवर किंवा लघु-गुरू मात्रांवर चालते. ‘राजा’ किंवा ‘तारा’ यांसारख्या शब्दांत दोन्ही अक्षरे गुरू असून उच्चारात पहिल्यावर किंचित जोर असतो; इंग्रजी चालीत ते बसविले, की जोर दुसऱ्या अक्षरावर जाऊन शब्द ओळखू येईनासा होतो. शिवाय ‘गव्हाण’ या शब्दाचे शेवटचे अक्षर बोलण्यात हलन्तासारखे होते, पण अभंगात ते पूर्ण अक्षर म्हणून मोजले व गायिले जाते. पाश्चात्त्य चालीला हा तोडगा ठाऊक नाही. परिणामी अर्थ नीट असूनही गीत जिभेवर बसत नसे. ज्याला वाचता येई, तो पुस्तक धरून गाई. ज्याला वाचता येत नसे, त्याला ते पाठ होत नसे. नवख्रिस्ती समाजातील बहुसंख्य लोक त्या काळी निरक्षर असल्याने हा केवळ अभिरुचीचा प्रश्न नव्हता. गीत पाठ न होणे म्हणजे कथाच हाती न लागणे होते.

ख्रिस्ती कीर्तन : या कोंडीतून मार्ग काढण्याचे श्रेय कृष्णराव रत्नाजी सांगळे (१८३४–१९०८) यांच्यासारख्या एतद्देशीय गीतकारांस आहे. १८६० नंतरच्या दशकात अहमदनगर येथे कीर्तनाच्या पद्धतीने ख्रिस्तचरित्र सांगण्याचा उपक्रम सुरू झाला आणि सांगळे हे त्यातील अग्रणी होते. पूर्वरंगात एखाद्या वचनाचे निरूपण व उत्तररंगात आख्यान, मध्ये साकी, दिंडी, पद व अभंग, आणि साथीला टाळ, मृदंग किंवा तबला व एकतारी, हा हरिकीर्तनाचा घाट या उपक्रमाने बहुतांशी कायम ठेवला. त्यांच्या समर्पणपर पदाचे इंग्रजी रूपांतर ऑल्डन क्लार्क यांच्याद्वारे इंग्रजी स्तोत्रसंग्रहांत गेले. गीतांचा प्रवाह इंग्रजीकडून मराठीकडेच वाहतो, या समजुतीला त्यामुळे एक अपवाद मिळाला.

नाताळच्या दृष्टीने कीर्तनाचा घाट विशेष सोयीचा ठरतो. रामनवमी व गोकुळाष्टमी या दोन्ही उत्सवांत जन्माचे कीर्तन असते. रामजन्म दुपारी बारा वाजता व कृष्णजन्म मध्यरात्री. आख्यान जन्मक्षणाशी येऊन थांबते, पाळण्याची दोरी ओढली जाते आणि स्त्रिया पाळणा म्हणतात. मध्यरात्रीच्या जन्मोत्सवाची कल्पना मराठी श्रोत्यास अशा रीतीने आधीच परिचित होती, आणि २४ डिसेंबरच्या रात्रीच्या उपासनेला ती सहज जुळली. कीर्तनाची ही ग्रहणक्षमता केवळ ख्रिस्ती समाजापुरती दिसत नाही. कोकण व मुंबई येथील मराठी भाषक बेने इझ्राएल समाजानेही १८८० च्या सुमारास बायबलातील आख्यानांवर मराठी कीर्तने सुरू केली होती.

नारायण वामन टिळक : मराठी ख्रिस्ती गीताला श्रेष्ठ काव्याची पदवी मिळाली, ती रेव्हरंड नारायण वामन टिळक (६ डिसेंबर १८६१–९ मे १९१९) यांच्यामुळे. त्यांचा जन्म रत्नागिरी जिल्ह्यातील करजगाव येथे झाला. त्यांनी १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबई येथे ख्रिस्ती धर्म स्वीकारला आणि त्यानंतरच्या आयुष्याचा मोठा भाग अहमदनगर व राहुरी येथे व्यतीत केला. अहमदनगर येथील धर्मशिक्षणाच्या विद्यालयात ते अध्यापन करीत. १९१२ पासून अखेरपर्यंत ते ज्ञानोदयाच्या मराठी विभागाचे संपादक होते. तुकारामाच्या पुलावरून आपण ख्रिस्ताकडे आलो, असे ते म्हणत. ही त्यांच्या दृष्टीने केवळ आलंकारिक उक्ती नव्हती. त्यांच्या गीतरचनेचे सूत्रच तीत आले आहे.

टिळकांच्या आधीच्या रूपांतरकारांनी आशय प्रथम ठरविला व छंद नंतर शोधला. टिळकांच्या रचनेत हे दोन वेगळे करता येत नाहीत. अभंग हा छंद त्यांनी केवळ अक्षरसंख्येचा साचा म्हणून घेतला नाही. देवाशी लडिवाळपणे बोलणे, रुसणे, हट्ट धरणे ही त्यामागील भक्ताची भूमिकाही घेतली. अभंगांजली या संग्रहात तिचा प्रत्यय येतो. वारकरी परंपरेत विठ्ठल ‘माउली’ होतो. टिळकांनी ख्रिस्तालाही माउली म्हटले. परमेश्वराला पिता म्हणणाऱ्या ख्रिस्ती परिभाषेत ही मराठीने घातलेली भर होय. टिळक कीर्तनेही करीत, म्हणजे शब्द, निरूपण व गायन या तिन्हींचा कर्ता एकच असे. पाश्चात्त्य संगीतात अलीकडे ज्याला गायक-कवी म्हणतात, त्याच्याशी कीर्तनकाराची ही भूमिका पुष्कळ अंशी मिळतीजुळती आहे.

१९१७ मध्ये टिळकांनी मिशनची नोकरी सोडली व ‘देवाचा दरबार’ ही बंधुमंडळी स्थापन केली. ख्रिस्ताचे अनुयायी होण्यासाठी भारतीय वेश, भाषा व संगीत टाकण्याची गरज नाही, हा तिच्यामागील विचार होता. अहमदनगर येथील अँग्लिकन मिशनमध्ये काम केलेले जे. सी. विन्स्लो यांनी टिळकांचे इंग्रजी चरित्र १९२३ मध्ये प्रसिद्ध केले आणि त्यांच्या काही गीतांची भाषांतरे केली. निकल मॅकनिकल यांनी केलेली रूपांतरेही इंग्रजी स्तोत्रसंग्रहांत समाविष्ट झाली. मराठी प्रॉटेस्टंट मंडळ्यांत वापरल्या जाणाऱ्या उपासना संगीत या गीतसंग्रहात टिळकांच्या रचनांचा वाटा फार मोठा आहे.

पाळणा : नाताळगीतांच्या सर्व प्रकारांत पाळणा हा मराठीपणाची खूण सर्वांत स्पष्टपणे दाखवितो. मराठी पाळण्यात सामान्यतः लहान कडवी असून प्रत्येकाच्या शेवटी ‘जो जो’ असे धृपद येते. लोकपरंपरेतील पाळण्यात जन्मानंतरचे दिवस क्रमाने मोजीत जाण्याची रीत आहे. पाचवी, मग बारसे असे टप्पे त्यात येतात. शुभवर्तमानात मात्र बाळाचे नाव आठव्या दिवशी ठेवल्याचा उल्लेख आहे. कथा परक्या समाजाची असल्याची जाणीव अशा ठिकाणी होते. राम, कृष्ण व शिवाजी यांच्या पाळण्यांत ऐकणारे मूल एकाच वेळी अजाण व थोर असते. ख्रिस्ताचा पाळणा हेच दुहेरीपण घेतो. जगाचा त्राता निजविण्याजोगा लहान झाला आहे, ही कल्पना सिद्धान्ताच्या भाषेत सांगण्यास कठीण. पाळण्यात ती न सांगताच कळते.

या सारखेपणात धोकाही आहे, अशी शंका काही धर्मशास्त्रज्ञांनी घेतली. हिंदू परंपरेत अवतार अनेक असून ते युगायुगांत होतात. ख्रिस्ती मतानुसार देवाचे मनुष्य होणे एकदाच घडले. म्हणून मराठी ख्रिस्ती परिभाषेत ‘अवतार’ या शब्दाच्या जोडीने ‘देहधारण’ हा शब्द योजिला जातो. गीतकारांनी हा भेद शब्दांत राखला व घाट मात्र जुनाच ठेवला.

टिळकांनी बाळ ख्रिस्ताला उद्देशून पाळणा रचला असून इंग्रजी अनुवादातून तो महाराष्ट्राबाहेरही पोहोचला. त्यात पाळणा म्हणणारी व्यक्ती मरिया नसून भक्त स्वतः आहे. टिळकांच्या अभंगांत ख्रिस्त माउली व भक्त तिचे लेकरू असते; पाळण्यात हे नाते उलटते आणि भक्त आई होतो. भाषांतरित नाताळगीतांत गायक बहुधा घटनेचे वर्णन करणारा किंवा श्रोत्यांना आमंत्रण देणारा असतो. येथे तो कथेच्या आत शिरतो. पाळणा हा मुख्यतः स्त्रियांचा गीतप्रकार असल्याने उपासनेतील गायनात स्त्रियांच्या आवाजाला त्यामुळे आपले असे स्थान मिळाले.

लक्ष्मीबाई टिळक व ख्रिस्तायन : ख्रिस्तचरित्रावर ख्रिस्तायन हे दीर्घ काव्य टिळकांनी हाती घेतले, पण सुमारे दहा अध्याय लिहून झाल्यावर ते निवर्तले. त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाई टिळक (१८६८–१९३६) यांनी १९०० मध्ये ख्रिस्ती धर्म स्वीकारला होता. शालेय शिक्षण लाभलेले नसताना त्यांनी या काव्याचे साठांहून अधिक अध्याय रचले. त्यांच्या मृत्यूनंतर १९३८ मध्ये ते ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाले. लक्ष्मीबाईंची कीर्ती स्मृतिचित्रे या आत्मचरित्रामुळे झाली असली, तरी ख्रिस्ती काव्याच्या इतिहासात ख्रिस्तायनाचे महत्त्व वेगळे आहे. तीन शतकांपूर्वी एका इंग्रज जेझुइटाने जे पुराण रचले, त्याच विषयावर मराठी घरात वाढलेल्या एका स्त्रीने अनेक अध्याय लिहिले. कथा आता परकी राहिली नव्हती, याचा याहून वेगळा पुरावा द्यावयास नको.

सामाजिक आशय : नाताळगीते खेड्यांतील ख्रिस्ती समाजात रुजण्याचे कारण केवळ चालींत नाही. जागा नाकारलेल्या कुटुंबाच्या पोटी, जनावरांच्या निवाऱ्यात होणारा जन्म आणि त्याची वार्ता प्रथम नगरातील प्रतिष्ठितांना नव्हे, तर रानातील मेंढपाळांना मिळणे, ही कथेची दोन अंगे गावकुसाबाहेर राहणाऱ्या माणसाला स्वतःच्या अनुभवाने कळणारी होती. देवळाबाहेरून ऐकलेला अभंग त्याला आता उपासनेच्या जागी, इतरांच्या बरोबरीने बसून गाता येऊ लागला. याची दुसरी बाजूही नोंदविली पाहिजे. हलगीसारखी वाद्ये जातीने लादलेल्या कामाशी जोडलेली असल्याने त्यांचा त्याग करणे, हे पुष्कळांना प्रतिष्ठेचे लक्षण वाटले. त्यांच्या जागी बाजाची पेटी व ऑर्गन आले. म्हणजे देशी संगीत टाकून देण्याचा आग्रह सर्वस्वी बाहेरून आला, असे म्हणता येत नाही. मानहानीच्या आठवणी टाकून देण्याची इच्छाही त्यात होती.

कॅथलिक परंपरा : जिल्ह्यातील संगमनेर, राहाता, श्रीरामपूर, राहुरी इ. तालुक्यांत रोमन कॅथलिक समाजाची वस्ती आहे. १९८७ मध्ये नासिक धर्मप्रांताची स्थापना झाल्यावर हा जिल्हा पुण्याऐवजी त्या धर्मप्रांतात आला. कॅथलिक उपासनेची भाषा दीर्घकाळ लॅटिन होती; त्यामुळे मराठी गीते मुख्यतः उपासनेच्या भोवती, घरी व मिरवणुकीत गायिली जात. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने (१९६२–६५) लोकभाषेला व स्थानिक संगीताला उपासनेत स्थान दिल्यानंतर मध्यरात्रीच्या मिस्सेतही मराठी गीते आली. प्रॉटेस्टंट पक्षी १९७० मध्ये उत्तर भारतीय चर्चची स्थापना होऊन जिल्ह्यातील अमेरिकन मिशनच्या व अँग्लिकन परंपरेच्या मंडळ्या एका संघटनेत आल्या. या दोन घटनांमुळे पूर्वी पंथापंथांत विभागलेली गीते एकमेकांकडे जाण्यास वाट मिळाली. वसईच्या कॅथलिक समाजात व गोव्यातील कोकणी भाषकांत नाताळगीतांच्या स्वतंत्र परंपरा आहेत. त्यांवर पाश्चात्त्य स्वरसंवादाचा प्रभाव नगरकडील गीतांपेक्षा अधिक दिसतो.

गायनप्रसंग व वाद्ये : नाताळपूर्वीच्या दिवसांत गायकांचे गट रात्री घरोघर जाऊन गीते म्हणतात. शहरांत या प्रथेला कॅरल गायन म्हणतात. खेड्यांत तिचे स्वरूप भजनी मंडळाच्या फेरीसारखे असते. एकाने ओळ सांगावी व इतरांनी ती उचलावी, ही भजनाची रीत येथे उपयोगी पडते, कारण तिला प्रत्येकाच्या हाती पुस्तक लागत नाही. ढोलकी किंवा तबला, टाळ, झांज व बाजाची पेटी ही नेहमीची वाद्ये. यांपैकी पेटी मुळात यूरोपीय असून मिशनऱ्यांच्या उपासनेतून तिचा भारतात प्रसार होण्यास मदत झाली. पुढे ती हिंदू भजन-कीर्तनाचेही अविभाज्य अंग बनली. अभंगाने चर्चमध्ये आणि पेटीने देवळात प्रवेश केला, ही देवाणघेवाण लक्षणीय आहे.

संग्रह व ध्वनिमुद्रण : विसाव्या शतकात पाश्चात्त्य देशांत नाताळगीते ध्वनिमुद्रित संग्रहांच्या रूपाने प्रसृत होऊ लागली. बिंग क्रॉस्बी यांचा १९४५ चा व एल्विस प्रेस्ली यांचा १९५७ चा संग्रह ही त्याची सुप्रसिद्ध उदाहरणे. स्वतः गीते रचणारे गायकही या उत्सवासाठी संग्रह काढतात. बॉब डिलन यांनी २००९ मध्ये जुन्या नाताळगीतांचा संग्रह काढला व त्याचे मानधन भुकेलेल्यांच्या साहाय्यार्थ संस्थांना दिले. अशा संग्रहात शब्द, चाल, आवाज व गीतांचा क्रम या चारही गोष्टी एकत्र टिकून राहतात.

टिळकांच्या पिढीतील गीतांच्या बाबतीत तसे घडले नाही. कीर्तनात या चारही गोष्टी एकाच व्यक्तीच्या हाती असत. छापील पुस्तकात मात्र बहुधा शब्दच उतरले. गीताच्या माथ्यावर छंदाचे, रागाचे किंवा परिचित चालीचे नाव देण्याची पद्धत होती. पण ज्या पदाची चाल म्हणून निर्देश केला, ते पद विस्मृतीत गेले, की त्या निर्देशाचा उपयोग उरत नाही. स्वरलिपीत लिहिलेली पाश्चात्त्य गीते त्यामुळे अधिक सुरक्षित राहिली, आणि देशी चाली गाणाऱ्याच्या स्मरणावर अवलंबून राहिल्या. १९८० नंतर ध्वनिफितींमुळे व पुढे तबकड्या आणि भ्रमणध्वनी यांमुळे मराठी ख्रिस्ती गीते खेडोपाडी पोहोचली. त्यांबरोबर चित्रपटसंगीताच्या धर्तीची वाद्यरचना व हिंदी गीतांची छायाही आली. एका ध्वनिमुद्रिकेतील चाल सर्वत्र प्रमाण मानली जाऊ लागली, की त्याच अभंगाच्या गावोगावच्या निराळ्या चाली मागे पडतात.

मूल्यमापन : संख्येने पाहता मराठी नाताळगीतांत भाषांतरित गीतांचे स्थान आजही मोठे असून शहरी मंडळ्यांत ती आवडीने गायिली जातात. ती टाकाऊ आहेत असे नव्हे. जगभरच्या मंडळ्यांशी एकाच चालीने जोडले जाण्याचा आनंद त्यांत आहे. तथापि, ज्यांनी मराठी काव्यात भर घातली, ती गीते अभंग, पद व पाळणा यांच्या घाटांतील होत. त्यांनी दोन गोष्टी सिद्ध केल्या. एक, छंद हे कोणा एका धर्माची मालमत्ता नसून भाषेची संपत्ती असते. आणि दोन, उपेक्षित समाजाला नवी श्रद्धा मिळाली, तरी ती आपली होण्यासाठी त्याला स्वतःचा सूर लागतो. या गीतांचे शब्द ग्रंथांत सुरक्षित आहेत. त्यांच्या चाली मात्र नगर जिल्ह्यातील वृद्ध कीर्तनकार, भजनी मंडळे व पाळणा म्हणणाऱ्या स्त्रिया यांच्या कंठात आहेत. त्यांचे पद्धतशीर ध्वनिमुद्रण व स्वरलेखन हे मराठी संगीताच्या व भक्तिवाङ्मयाच्या अभ्यासकांपुढील निकडीचे कार्य होय.